आक्कांच्या हातचं मीठ

आक्का गेल्याची बातमी आली तेव्हा मी न्हाणीघरातून नुकती बाहेर आले होते. दसऱ्यानंतरचा चौथा दिवस, सकाळचे अकरा वाजले असतील. दवाखान्यातून आमच्या ह्यांचा फोन आला. "वहिनी गेली," एवढंच म्हणाले आणि फोन ठेवला. मी ओल्या केसांनी खाटेवर बसले. तेव्हा मनात पहिला विचार काय आला ते लिहायची लाज वाटते, पण लिहिते. आज झोपायला मिळेल... असं वाटलं मला. रडू आलं ते नंतर, बऱ्याच वेळाने, कपाटातून त्यांची साडी काढताना. दोन वर्षांचं दुखणं होतं. आठवड्यातून दोनदा डायलिसिस, रिक्षा, रांग, रिपोर्ट, आणि मधल्या दिवसांत माझी शाळेच्या ऑफिसातली नोकरी. थकवा अंगात इतका मुरला होता की दुःखालासुद्धा जागा उरली नव्हती.

आक्का म्हणजे माझी थोरली जाऊ, कुसुम. माहेर येवल्याचं, घरात हातमाग. लग्न होऊन पंचवटीत आल्या त्या पन्नास वर्षं त्याच गल्लीत राहिल्या. थोरले भाऊजी लवकर गेले, मूलबाळ नव्हतं, तेव्हा आमचं घर हेच त्यांचं घर. मी या घरात आले तेव्हा मला धड कुकर लावता येत नव्हता. आक्कांनी शिकवलं, पण लाडीगोडीने नव्हे. "हातानं बघायचं गं, डोळ्यानं काय बघतीस?" हे त्यांचं वाक्य. माग चालवणाऱ्या घरातली मुलगी, तिचं सगळं बोटांत. पीठ, तिखट, मीठ सगळं बोटांनी. चमचा त्यांनी फक्त ढवळायला वापरला.

आमच्या गल्लीतल्या दहा-बाराजणी दर वर्षी कार्तिकात आवळीभोजनाला जातो. पिंपळगावच्या अलीकडे मंदाताईंच्या भावाचा मळा आहे. मंदाताई म्हणजे आमच्या शेजारीण. द्राक्षबागेच्या कडेला बांधावर आवळ्याचं मोठं झाड आहे. टेम्पोत बसून जायचं, तीन दगडांच्या चुलीवर मसालेभात आणि भाकरी करायची, झाडाला नैवेद्य दाखवायचा आणि सावलीत पंगत मांडायची. तोंडीलावणं मात्र घरून यायचं आणि ते आक्कांचंच. त्याला नाव नव्हतं. कुणी उसळ म्हणे, कुणी कोशिंबीर. पंचवटीच्या बाजारातून आणलेल्या कोवळ्या पावट्याच्या शेंगा सोलायच्या, दाणे नुसते वाफवायचे, मऊ होऊ द्यायचे पण फुटू द्यायचे नाहीत. गार झाले की त्यात गाजर, काकडी, टोमॅटो बारीक चिरून घालायचे, दाण्याचं कूट, लिंबू, कोथिंबीर, आणि वरून हिंग, मोहरी, हिरव्या मिरचीची फोडणी. झालं. यात अवघड काही नाही, कुणालाही जमेल. नैवेद्याचं म्हणून कांदा नाही. "नाशिक जिल्ह्यात राहून बिनकांद्याचं खायला घालता आक्का, गुन्हा आहे हा," असं दर वर्षी कुणीतरी म्हणायचंच. आणि आक्का दर वर्षी म्हणायच्या, "मंग नको खाऊ. माझ्या पातेल्याला लय गिऱ्हाईक हाय."

आणि ते खरं होतं. भात उरायचा, भाकरी उरायची, पण आक्कांचं पातेलं पुसून परत यायचं. त्यातही कौतुक मिठाचं. नैवेद्य दाखवायच्या आधी चव बघायची नाही, ही आमच्याकडची रीत. बाकीच्या जणी आपापल्या भाताबद्दल धाकधूक करत बसायच्या, आक्का निवांत. त्यांच्या मिठाबद्दल पन्नास वर्षांत कुणी चकार शब्द काढला नव्हता. त्याचा त्यांना अभिमान होता, आणि खरं सांगायचं तर कधीकधी मला त्याचा रागही यायचा.

गेल्या वर्षी त्यांनी जावं की नाही यावर घरात वाद झाला. स्वतः वर्षभर जवळजवळ बिनमिठाचं जेवत होत्या, पायांना सूज, हाताला कंप. पण "मी नाय गेले तर झाडाला काय सांगशीला?" म्हणाल्या आणि सकाळी स्टुलावर बसून शेंगा सोलायला लागल्या. मी शेजारी वाटेत खायच्या पोळ्या लाटत होते. आदल्या दिवशीचं डायलिसिस, त्याआधी शाळेत तपासणी, माझं डोकं ठणकत होतं. आक्कांनी मिठाच्या बरणीत हात घातला, मीठ घातलं, मग पदराने घाम पुसला, जरा वेळ डोळे मिटून बसल्या... आणि पुन्हा बरणीत हात घातला. मला दिसलं. लाटणं हातात तसंच होतं. "आक्का, घातलंय तुम्ही मीठ," एवढं म्हणायला कितीसा वेळ लागला असता? अजून दोन मूठ दाणे वाफवून त्यात घातले असते तर भागलं असतं. पण मी गप्प राहिले. आक्कांना मिठाबद्दल सांगायचं म्हणजे पुढचा अर्धा तास हुज्जत, तेवढं त्राण नव्हतं, हे एक. आणि एकदा होऊ दे खारट, असंही माझ्या मनाच्या कुठल्यातरी कोपऱ्यात आलं असणार. आलंच होतं.

मळ्यात नैवेद्य झाला, पंगत बसली. पहिला घास घेताच सगळ्याजणींना कळलं. कुणी बोललं नाही. भातात कालवून, भाकरीचा मोठा तुकडा लावून, पाणी पीत प्रत्येकजण खात होती. आक्का आजारी माणसाचा वेगळा डबा खात होत्या, त्यांना कळायला मार्ग नव्हता. ते तसंच निभलं असतं. पण मला काय झालं कोण जाणे, मी पत्रावळ पुढे सरकवली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "काय हे आक्का! खारट झालंय नुसतं. खाऊ नका गं कुणी." आक्कांनी माझ्याकडे बघितलं, मग पातेल्याकडे. "व्हय का..." एवढंच म्हणाल्या, आणि डबा बंद केला. परतीच्या वाटेवर त्या टेम्पोत पुढे ड्रायव्हरशेजारी बसल्या होत्या. मागून मला फक्त त्यांचा अंबाडा दिसत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी मिठाची बरणी ओट्यावर माझ्या बाजूला येऊन बसली. "आजपासून मीठ तू घालायचं. मी चिरून देईन, निवडून देईन, फोडणीसुदिक करीन. मीठ तुझं." मला वाटलं, दोन दिवसांत राग जाईल. अकरा महिने गेला नाही. की तो राग नव्हताच? भाजी शिजत आली की हाक यायची, "विमल, मीठ घाल गं." मी अंघोळीला असो, फोनवर असो, चप्पल घालून शाळेत निघालेली असो, हाक यायचीच. चप्पल काढायची, आत जायचं, चिमूट टाकायची, परत चप्पल घालायची. एकदा मी वैतागून म्हणाले, "घाला ना तुम्हीच. एवढ्या वर्षांचा हात आहे तुमचा." तर म्हणाल्या, "व्हता." टोमणा होता, की खरंच स्वतःच्या हातावरचा विश्वास उडाला होता, मला आजही सांगता येत नाही. आणि विश्वास उडाला असेल तर तो दुखण्याने नाही उडाला, माझ्या एका वाक्याने उडाला. हे मला अकरा महिने दिवसातून दोनदा आठवत होतं.

शेवटच्या आठवड्यात दवाखान्यात एकदा धीर केला. दुपारची वेळ, दोघीच होतो. "आक्का, त्या दिवशी मळ्यात मी..." असं सुरू केलं. त्यांनी डोळे उघडले, म्हणाल्या, "ओठ ओले कर जरा." मी कापूस भिजवून ओठांवरून फिरवला. तोवर त्यांना पुन्हा ग्लानी आली होती. आम्ही दोघी जे काही शेवटचं बोललो ते हे.

या वर्षी मी जाणार नव्हते. आमच्याकडे वर्षभर सण करत नाहीत. पण मंदाताई दारात येऊन उभ्या राहिल्या. "सण कसला? जेवण आहे ते. आणि पातेलं तुझ्याकडेच आहे." उठले मग. शेंगा सोलल्या, दाणे वाफवले, चिरलं, कूट घातलं, लिंबू पिळलं, फोडणी दिली. आक्का करायच्या त्याच क्रमाने केलं सगळं. झाकण लावलं आणि टेम्पोत बसले. झाडाला नैवेद्य दाखवताना हात जोडले, पण काय मागायचं ते सुचलं नाही.

वाढायला मंदाताई होत्या. पातेल्यातलं चमचाभर त्यांनी आपल्या तळहातावर घेऊन खाल्लं आणि पातेलं उचलून माझ्याकडे चुलीपाशी आल्या. बाकीच्या जणी पत्रावळी मांडत होत्या. मंदाताई माझ्या कानाशी लागल्या. "विमल, मीठ राहिलंय गं."

राहिलंच होतं. अकरा महिने मी हाक आल्यावरच मीठ घातलं होतं, त्या गेल्यापासून रोजच्या भाजीतही ते चव घेतल्यावरच आठवायचं, आणि आज चव बघायची नव्हती, हाक मारायलाही कुणी नव्हतं. मी काही बोलण्याआधीच त्यांनी भाताच्या सामानातली मिठाची पुडी सोडली, पंगतीकडे पाठ करून मीठ घातलं, हाताने खालीवर केलं आणि म्हणाल्या, "चल, बस जेवायला." पंगतीत कुणाला कळलंही नाही. दोघी-तिघी म्हणाल्या, अगदी आक्कांच्या हातचं लागतंय. मंदाताई मान खाली घालून भाकरी मोडत राहिल्या.

गेल्या वर्षी मीही एवढंच करायला हवं होतं.