कॉलेजसाठी दिलेलं रान

कॉलेज सुरू झालं ते एका गुऱ्हाळघरात. कोल्हापूर संस्थान नुकतंच विलीन झालं होतं. पंचगंगेपलीकडच्या त्या गावातल्या काही शिकल्यासवरल्या माणसांनी ठरवलं, की खेड्यातल्या वयानं मोठ्या माणसांसाठी कॉलेज काढायचं. परीक्षा नाही, पदवी नाही. रानातल्या कामातून सवड काढून लोकांनी यावं, खत-बियाणं, सोसायटीचा कारभार, वर्तमानपत्र वाचणं शिकावं. बायकांसाठी वेगळा वर्ग ठेवला आणि तो चालवायला मला नेमलं. मी शहरातल्या मंगळवार पेठेतली, मास्तरांची मुलगी. खेड्यात बायका शिकायला येतील असं वडिलांना वाटत नव्हतं. खरं सांगायचं तर मलाही वाटत नव्हतं.

पहिल्या दिवशी एकच बाई आली. पन्नाशीची, काटक, कपाळ मोकळं. सगळं गाव तिला काकी म्हणायचं. नवरा तरुणपणीच गेलेला, मूलबाळ नाही. रस्त्यालगतचा रानाचा एक तुकडा दिरानं तिच्या पोटापाण्यासाठी तोडून दिला होता, त्यावर ती जगत होती. शेणाचे हात पुसत ती दारातच उभी राहिली.

"बाई, या वयात मला वाचाय येईल का ओ?"

"येईल की. पण कशाला शिकायचंय?"

"देवळात पोथी बापय माणसंच वाचत्यात. बरोबर वाचत्यात का चुकीचं, आमाला काय कळतंय? एकदा माझी मी बघणार हाय."

काकीनंच मग गल्लीगल्लीतून बायका ओढून आणल्या. कुणाच्या सासूशी भांडली, कुणाच्या तान्ह्या पोराला स्वतःच्या मांडीवर घेतलं. वर्ग भरला. पण ऊसतोड सुरू झाली की गुऱ्हाळघर रिकामं करावं लागायचं, आणि आम्ही पाट्या घेऊन देवळाच्या ओवरीत जायचो. तिथं भजनी मंडळ आलं की तिथूनही उठायचो.

शेवटी जागेसाठी गावसभा झाली. कॉलेज काढणाऱ्या मंडळाच्या अध्यक्षांनी मोठं भाषण केलं. मोठमोठ्या बागायतदारांनी माना डोलावल्या आणि खाली बघितलं. बायकांच्या घोळक्यातून काकी उठली.

"माझं रान घ्या. खरं एक हाय, बायकांचा वर्ग तिथं कायमचा चालला पायजे."

अध्यक्षांनी भर सभेत तिच्यापुढं हात जोडले. "शब्द दिला, काकी."

कागदोपत्री रान दिराचं होतं. तो सही द्यायला तयार नव्हता. काकी त्याच्या सोप्यात जेवण सोडून बसली, तेव्हा कुठं त्यानं सही केली. त्यानंतर ती दुसऱ्यांच्या रानात मजुरीनं भांगलायला जाऊ लागली. कॉलेजचा पाया भरताना तिच्यासोबत वर्गातल्या सगळ्या बायकांनी खाणीतले दगड डोक्यावरून वाहिले. त्या दिवसांत मी फार आनंदात होते, हे आज लिहायलाही जड जातं.

इमारत उभी राहिली आणि मंडळींची नजर बदलली. पोरांना शिकायला शहरात ठेवावं लागतं, त्यापेक्षा इथंच पदवीचे वर्ग काढू, असं ठरलं. पुण्याहून प्राचार्य आले. शेतकऱ्यांचा वर्ग आधी आठवड्यातून एकदा झाला, मग बंद पडला. पुढं बायकांच्या खोलीत टेबलं आणि काचेच्या नळ्या येऊन पडल्या.

मी प्राचार्यांकडं गेले. ते सौम्यपणे म्हणाले, "बाई, विद्यापीठाची माणसं तपासणीला येणार आहेत. प्रयोगशाळा कुठं दाखवू? ओसरीत?"

"काकींना शब्द दिला होता."

"मी नव्हता दिला."

ज्यांनी दिला होता ते अध्यक्ष शेजारीच बसले होते.

उद्घाटनाला मंत्री आले. व्यासपीठावर दिराला बसवलं होतं. भूमिदाते म्हणून त्याला शाल-नारळ दिला, फेटा बांधला. काकी मागं, उन्हात, बायकांत बसली होती. कार्यक्रम आटोपून लोक चहाकडं वळल्यावर ती दाराशी भिंतीत बसवलेल्या, नावं कोरलेल्या संगमरवरी फरशीसमोर जाऊन उभी राहिली. एकेका अक्षराखाली बोट फिरवत तिनं सगळं वाचलं. मी जवळ गेले.

"बाई, यात माझं नाव न्हाय न्हवं?"

"नाही, काकी."

"व्हय. मला वाटलं, मलाच नीट वाचाय आलं न्हाय."

मी तशीच जाऊन अध्यक्षांना गाठलं. त्यांनी मला बसायला खुर्ची दिली आणि समजावलं, "सही त्यांची आहे. कायद्यानं तिला रान देताच येत नव्हतं. आम्ही काय करणार?" रान घेताना हा कायदा कुणाला आठवला नव्हता, असं मी म्हणाले. वर्ष संपताना मला कळवण्यात आलं, की बायकांचा वर्ग नाही तेव्हा बाईंचीही गरज नाही.

मला इचलकरंजीत मुलींच्या शाळेत नोकरी मिळाली. यंत्रमागांच्या खडखडाटात शिकवायची सवय झाली. एकदा सुट्टीत मुद्दाम काकीला भेटायला गेले. ती दिराच्या गोठ्यालगतच्या खोलीत राहत होती. खूप वाळली होती. तिच्यासाठी नेलेलं मोठ्या अक्षरांचं पुस्तक तिनं हातात घेतलंच नाही.

"ऱ्हाऊ दे बाई. दिराचा नातू जातोय कॉलेजात. त्याला इचारलं, बायकांचा वर्ग परत कवा सुरू हुतोय? नुसता हसला."

"राग येत नाही, काकी?"

"येतोय की. रोज येतोय. कुणावर काढू?"

मी तिथून निघाले तेव्हा कॉलेजची नवी इमारत माडीपर्यंत चढली होती. गावाला त्याचा अभिमान होता, आणि तो खोटा नव्हता. खेड्यातली पोरं तिथं शिकून वकील झाली, मास्तर झाली. मीच एकटी त्या इमारतीकडं बघून सुखी होऊ शकले नाही.

काकी गेल्याचं मला फार उशिरा कळलं. ती गेली त्या दिवशीही कॉलेजात तास नेहमीसारखे चालू होते. पूर्वी तिच्या रानातून मसणवटीकडं पायवाट जायची. प्राचार्यांनी कुंपण घालून ती बंद करून घेतली होती. तिला लांबच्या वळणानं, कुंपणाच्या कडेकडेनं न्यावं लागलं.