पंधराच्या जागी पंधराच

ओवी आणि नील, गणपतीत तुम्ही फोनवर मूर्ती बघितलीत आणि विचारलंत, "आजोबांनी खरंच स्वतः आणली?" मी नुसतं "हो" म्हटलं आणि फोन दुसऱ्याच्या हातात दिला. आरतीची वेळ झाली होती हे कारण खरं, पण अर्धंच. त्या दिवशी जे घडलं ते मला चारचौघांत सांगायचं नव्हतं. आता घर शांत आहे, म्हणून सगळं पहिल्यापासून लिहिते.

सुरुवात माझ्या एका चुकीच्या प्रार्थनेपासून करावी लागेल. तुम्हाला माहीत आहेच, आपल्या घरची मूर्ती पेणहून येते. फूटभर उंचीची, शाडूची. कारखान्यातल्या पाटावरून उचलली की आपल्या देवघरातल्या पाटावरच टेकवायची, मध्ये कुठेही खाली ठेवायची नाही, ही आपली रीत. लग्न होऊन मी रोह्याजवळच्या या अष्टमी गावात आले तेव्हापासून बघते आहे, मूर्ती आजोबाच आणतात. आधी एसटीने मांडीवर घेऊन आणायचे, पुढे आपली गाडी आल्यावर गाडीने. तीन वर्षांपूर्वी त्यांना कंपवात जडला. चहाचा कप बशीवर वाजू लागला, मग सदऱ्याची बटणं मी लावू लागले, मग गाडीची चावीही माझ्याकडे आली. तरी गेल्या श्रावणात ते म्हणाले, "या वर्षीही मूर्ती मीच आणणार." तुमच्या बाबांनी फोनवरून खूप समजावलं. मी समजावलं नाही. मी देवासमोर बसून मनात म्हटलं, "त्यांना आपणहून नको म्हणायची बुद्धी दे." त्यांच्या हातांना बळ दे, असं म्हणायचं मला सुचलंसुद्धा नाही. रोज दिवा लावताना हेच मागत होते, आणि वर स्वतःला शहाणी समजत होते.

देवाने ऐकलं नाही. चतुर्थीच्या आदल्या दिवशी आजोबा सकाळी सहालाच धोतर नेसून, टोपी घालून तयार. मीही माझी तयारी केली होती, त्यांना न सांगता. आंब्याची एक लाकडी पेटी घेऊन तिच्यात जुन्या गोधड्या नीट बसवल्या आणि डिकीत ठेवली. वाटेतल्या वडखळपर्यंत त्यांचे हात थकतील, मग मी मूर्ती हळूच काढून घेईन आणि पेटीत ठेवीन, असा माझा बेत. रीत मोडली तर मोडली. हातातून मूर्ती निसटून फुटली तर त्या माणसाचं काय होईल, हा विचार मला आठवडाभर झोपू देत नव्हता. शाडूचं काय, पुन्हा मिळेल. पण आजोबा पुन्हा कशालाही हात लावणार नाहीत, हे मला पक्कं ठाऊक होतं.

पेणला मूर्ती घेतली. मूर्तीच्या तोंडावर रुमाल टाकून कारागिराने ती मागच्या सीटवर आजोबांच्या मांडीवर दिली. "मोरया" म्हणून आम्ही निघालो. मी समोरचा आरसा त्यांच्या हातांवर वळवून ठेवला. मागची वाहनं दिसावीत म्हणून असतो तो आरसा. पण मला त्यात फक्त दहा बोटं आणि मूर्तीची बैठक दिसत होती. हायवेला कोकणात जाणाऱ्या गाड्यांची रांग लागलेली, प्रत्येक खड्ड्याला माझा जीव वरखाली. "अहो, घट्ट धरलंय ना?" असं मी किती वेळा विचारलं असेल देव जाणे. ते दर वेळी "हं" म्हणायचे. हल्ली ते तेवढंच बोलायचे. आवाजही बारीक झालेला, आणि मीच चारचौघांत त्यांच्या वतीने उत्तरं देऊ लागले होते.

त्यांची गोळी बरोबर अकराला. पुढे-मागे झाली की हात फार हलतात. वडखळ ओलांडल्यावर अकराला पाच कमी असताना मी गाडी बाजूला घेतली, बंद केली, मागे जाऊन त्यांच्या तोंडात गोळी घातली, पाणी पाजलं. परत येऊन चावी फिरवली तर इंजिन नुसतं गरगर फिरतं आहे, पेटत नाही. पुन्हा फिरवली, तेच. पेट्रोलची टाकी भरलेली. दिवे लागत होते, हॉर्न वाजत होता. रोह्याच्या गॅरेजला फोन केला. तो म्हणाला, "बाई, या ट्रॅफिकमध्ये दोन तास धरा."

दोन तास! आरशात बघितलं. गोळी लागू व्हायला अर्धा-पाऊण तास जातो आणि त्याआधीची वेळ सगळ्यात वाईट. हात कोपरापासून हलत होते आणि रुमालाखाली मुकुट लटलट हलत होता. मी दार उघडून धावले, त्यांची दोन्ही मनगटं पकडली. कंप आणखी वाढला. मग मी डिकीतून ती पेटी काढून आणली आणि त्यांच्या दारापाशी ठेवली.

आजोबांनी पेटीकडे बघितलं, आतल्या घडी घातलेल्या गोधड्यांकडे बघितलं. घाईत कोणी अशा घड्या घालत नाही, हे त्यांना कळलं. "घरूनच आणलीस?" एवढंच म्हणाले. इतक्या वर्षांच्या संसारात त्यांनी माझ्याकडे तसं कधी बघितलं नव्हतं.

तेवढ्यात मागून आवाज आला, "काय झाला गो माय? गारी बंद परली?"

रस्त्याच्या कडेला छत्री रोवून एक बाई दूर्वा, पत्री, कमळं विकत बसली होती. पन्नाशीची असेल, काळीसावळी, काष्टा घातलेली. ती उठून आली. गाडीत वाकून बघितलं आणि हसली. "बाप्पा बरा माझ्याच दुकानापुढं थांबला. दूर्वा घ्यायच्या ऱ्हायल्या असतील तुमच्या!"

मला हसू आलं नाही. मी पुन्हा आजोबांचे हात धरायला वाकले, तशी तिने मला दंडाला धरून मागे ओढलं.

"नको धरूस. माझ्या सासऱ्याला ह्योच रोग व्हता. मिठागरावर जन्म गेला त्याचा. हात धरला का जास्ती हालतो. आनि टक लावून बघतेस ना, त्यानं तर लयच हालतो. तू तुजी गारी बघ. मी बसते हितं."

आणि तिने काय केलं असेल? माझी ती आंब्याची पेटी पालथी केली, गोधड्या पसरून वर ऐसपैस बैठक मारली, आजोबांच्या उघड्या दारात. मूर्तीला हात लावला नाही, त्यांनाही लावला नाही. रस्त्याकडे तोंड करून त्यांच्याशी बोलायला लागली. "बाबा, गाव कंचा? अष्टमी? माजी नणंद हाय ना थितं, पुलाच्या अल्याड."

बाळांनो, त्या क्षणी मला दुसरा काही मार्गच उरला नाही. पाठ फिरवण्यावाचून करण्यासारखं काही नव्हतं. मी मनात देवाला म्हटलं, "तुझी मूर्ती, तुझा माणूस. मी बघत नाही." रागानेच म्हटलं. त्याला प्रार्थना म्हणता येईल का, मला माहीत नाही. मी पुढच्या सीटवर जाऊन बसले आणि आरसा रस्त्याकडे वळवला.

दोनतीन मिनिटांनी मागून आजोबांचा आवाज आला. "अगं, चावी नुसती पुढे कर. इंजिन फिरवू नको."

मी केली. ते कान देऊन ऐकत होते. "पुन्हा." पुन्हा केली. मग म्हणाले, "रोज चावी दिली की या सीटखाली घूं असा आवाज येतो, दोन सेकंद. पेट्रोलच्या पंपाचा. आज येत नाही. फ्यूज बघ."

मी थक्क झाले. किती वर्षं ती गाडी वापरते आहे, मला तो आवाज ठाऊकच नव्हता. आणि आजोबा आयुष्यभर कंपनीत मेंटेनन्सला होते, यंत्रांचे आवाज ऐकून दुखणं ओळखायचे, हे मी विसरलेच होते. गाडी बंद पडल्यावर मी गॅरेजला फोन केला. मागे बसलेल्या माणसाला विचारलं नाही.

मग आमचं काम सुरू झालं. गाडीचं इंग्रजी पुस्तक माझ्याकडे, अक्कल त्यांच्याकडे. मी वाचायचं, त्यांनी सांगायचं. आधी चावी बंद करून काढून घेतली. स्टिअरिंगखाली गुडघ्याशी एक प्लॅस्टिकचं झाकण आहे, ते ओढून काढलं. आत रंगीबेरंगी चौकोनी फ्यूज, पेढ्यांसारखे ओळीत बसवलेले. पुस्तकातल्या नकाशावर बोट ठेवून पंपाचा शोधला. निळा, वर १५ आकडा. बोटांत धरता येईना, म्हणून औषधांच्या पाकिटातला चिमटा काढला आणि सरळ ओढला. उजेडात धरला. आतली बारीकशी तार मधोमध तुटलेली, कडेने काळी.

"जळलाय," मी म्हटलं.

"त्याचं कामच ते. दुसरा घाल."

दुसरा फ्यूज कुठे होता सांगू? अष्टमीला, कपाटात, डबीत. डबीवर माझ्याच अक्षरात चिठ्ठी, 'गाडीचे सुटे फ्यूज'. गाडीत ठेवले तर हरवतील म्हणून मी ते नीट घरात ठेवले होते. हे सांगितल्यावर ती बाई इतकी हसली की पेटी करकरली. "बाबा, तुमची मंडली लय हुशार हो!" आणि आजोबा हसले. खूप दिवसांनी त्यांचं हसणं ऐकलं मी.

आमचं हे चाललेलं बघून रांगेत अडकलेला एक टेम्पोवाला उतरून आला. "काकू, सरका. सिगारेटच्या पाकिटातली चांदी गुंडाळून लावतो. रोहाच काय, गोव्याला पोचाल." मला मोह झाला. मी फ्यूज त्याच्या हातात देणार, तोच मागून "नाही!" असा आवाज आला. मी दचकले. तो आजोबांचाच, पूर्वीसारखा खणखणीत. "चांदी जळत नाही. मग तार जळते. पंधराच्या जागी पंधराच पाहिजे. वीसही नको." टेम्पोवाला म्हणाला, "बाबा बरोबर बोलतात," आणि गेला.

"चार्जर लावतो त्या सॉकेटचा फ्यूज किती आहे बघ," आजोबा म्हणाले. मी पुस्तकात पाहिलं. पंधरा. निळा. तो काढून पंपाच्या जागी ठेवला आणि अंगठ्याने आतपर्यंत दाबला. वास्तविक फोन चार्ज न होता आपण खुशाल घरी पोचू शकतो, एवढी साधी गोष्ट. पण मला ती कोणी तरी हात धरून दाखवल्यासारखी वाटली. चावी पुढे केली आणि श्वास रोखून बसले.

"आला," आजोबा म्हणाले.

इंजिन पहिल्याच फटक्यात सुरू झालं. मी मागे वळले. मूर्ती त्यांच्या मांडीवर, रुमाल जसाच्या तसा, आणि त्यांचे हात बैठकीच्या दोन्ही बाजूंना, स्थिर. मी घड्याळ बघितलं, कारण मी तशीच आहे. अकरा चाळीस. गोळी लागू व्हायची वेळ झालेली होती. डॉक्टरांना पुढे सांगितलं तर तेही तेच म्हणाले, आणि वर म्हणाले, काळजी कमी झाली की कंपही कमी होतो. असेल. मला त्यावर वाद घालायचा नाही. त्या मधल्या अर्ध्या तासात, गोळी लागू व्हायच्या आधीच्या वाईट वेळेत, मूर्ती कोणी सांभाळली ते मी बघितलेलं नाही. माझी पाठ होती.

त्या बाईने उठून दूर्वांची जुडी मूर्तीच्या पायाशी ठेवली आणि गोधड्यांची धूळ झटकून त्या मला दिल्या. पेटी मात्र मागून घेतली. "बसायला बरी हाय." ती कोणी अदृश्य होणारी देवी नव्हती. गणपतीनंतर आम्ही पेणला गेलो तेव्हा ती तिथेच पेटीवर बसून शिराळी विकत होती आणि लांबूनच ओरडली, "बाबा, हात कसं हायत?" तरी मी तिच्या पाया पडले. ती "अगो, अगो" करत मागे सरली.

गॅरेजवाल्याने नंतर सगळं तपासलं. पंप ठणठणीत होता. पावसाळी दमटपणाने फ्यूजच्या पात्यावर हिरवा गंज चढला होता, तिथे तापून तार गेली, असं तो म्हणाला. आता दोन सुटे फ्यूज गाडीतच असतात.

पण त्या दिवशीचं राहिलंच. अष्टमीला घरी पोचलो. मी आजोबांचं दार उघडलं आणि बाजूला झाले. आधार द्यायला हात पुढे जात होते, ते पदरात गुंडाळून ठेवले. ते उतरले. एक पाऊल, मग थांबले, मग दुसरं. शेजारच्या वहिनींनी त्यांना धरायला पुढे केलेला हात मी मागे सारला. उंबऱ्यापाशी ते उभे राहिले, आणि रीतीप्रमाणे मी त्यांच्या पायांवर दूध-पाणी घातलं. निम्मं पाणी फरशीवर सांडलं, कारण या वेळी हात माझा थरथरत होता. त्यांनी खाली बघितलं आणि हळूच म्हणाले, "सावकाश. मला घाई नाही."

मग ते आत गेले आणि मूर्ती पाटावर ठेवली. ठेवताना हात हलले, अगदी थोडे. मूर्ती तसूभर डावीकडे बसली. मला ती सरळ करायची फार इच्छा झाली होती. मी केली नाही. दीड दिवस आमचा गणपती तसाच, किंचित डावीकडे सरकून बसला होता. तुम्ही फोनवर बघितलात तो तसाच. मी समोर हात जोडून उभी राहिले आणि त्या वर्षी प्रथमच त्याच्याकडे काहीही मागितलं नाही.