कादरचाचांची जीभ

सकाळी दहाच्या आत कादरचाचांशी बोलायला जायचं नाही, हा नांदेडच्या इतवारा पेठेत सगळ्यांना ठाऊक असलेला नियम होता. चाचा रागीट होते म्हणून नव्हे. त्या वेळी त्यांची जीभ झोपलेली असायची. लोक शेजारच्या पानवाल्याला विचारत, "चाचांची जीभ उठली का हो?" पानवाला डोकावून बघायचा आणि सांगायचा, "न्हाई अजून. थूक गळून राहिलाय."

चाचा अत्तार होते. म्हणजे अत्तर विकणारे नव्हेत. आमच्याकडे जडीबुटी विकणाऱ्याला अत्तार म्हणतात. दुकानात हिरडा, वावडिंग, सनाय, काडेचिराईत असल्या वस्तूंच्या चाळीसेक बरण्या होत्या आणि रोज सकाळी दुकान उघडल्याबरोबर चाचा त्यांतली एकेक वस्तू स्वतः चाखून बघत. चिराईताला त्यांचं तोंड इतकं वाकडं व्हायचं की समोरून जाणारा माणूस आपलं काही चुकलं की काय म्हणून थांबायचा. सगळ्यात शेवटी अक्कलकारा. ही एक बोटभर लांबीची तपकिरी मुळी. तिचा बारीकसा तुकडा जरी चावला तरी आधी जिभेवर मुंग्या चालतात, मग तोंडाला पाणी सुटतं आणि मग जीभ बधिर होते. पुढे मी शिकवायचो त्या शाळेतल्या विज्ञानाच्या मास्तरांनी मला समजावलं की त्या मुळीत एक द्रव्य असतं आणि तेच हा सगळा उद्योग करतं. त्यांनी द्रव्याचं नावही सांगितलं होतं, मी विसरलो. चाचा त्याला 'दम' म्हणत. "मुळी जुनी झाली का दम जातो," ते म्हणत, "आन दम डोळ्याला दिसत न्हाई, मास्तर. जिभेलाच इचारावं लागतं."

माझी त्यांची पहिली भेट या दमामुळेच फसली. मी रेणापूरहून नांदेडला सरकारी शाळेत हंगामी शिक्षक म्हणून नवा आलो होतो. निजामी राजवटीची ती शेवटची काही वर्षं. घसा बसला म्हणून सकाळी आठाला ज्येष्ठमध आणायला गेलो. चाचांनी "अं, अं" केलं आणि हाताने बसायची खूण केली. मला वाटलं, बिचारा मुका आहे. मी घशाकडे बोट दाखवलं, खोकल्याचा अभिनय केला, ज्येष्ठमधाची काडी चघळल्याचं सोंग केलं. चाचांनीही मोठ्या उत्साहाने खुणांनीच मला वाफारा कसा घ्यायचा ते शिकवलं. अर्धा तास आमचं हे मूकनाट्य चाललं होतं. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तिकडून जाताना बघतो तर हा मुका माणूस एका गिऱ्हाइकाला नुसता फैलावर घेत होता. मला फसवल्यासारखं वाटलं. मी जाब विचारला तर म्हणाले, "मला वाटलं तूच मुका हायस. म्हनलं, कशाला जीव दुखवावा त्याचा."

चाचांचा एकच हट्ट होता, नावाचा. तरुणपणी हैदराबादेत ते एका हकीमसाहेबांकडे शिकले होते. ते उस्ताद दिल्लीकडचे. त्यांनी औषधांची अरबी-फारसी नावं चाचांकडून अक्षरन् अक्षर घोटून घेतली होती. "नाव बरोबर घे," चाचा गिऱ्हाइकाला सांगत. "नाव चुकलं का दवा चुकली, दवा चुकली का माणूस चुकला." आणि नेमक्या त्या अक्कलकाऱ्याच्या नावाचीच गावाने वाट लावली होती. खरं नाव आक़िरक़रहा. मराठीत येता येता त्याचा अक्कलकारा झाला आणि त्यात लोकांना अक्कल दिसली. झालं. कोर्टात तारीख असली की पक्षकार यायचा, परीक्षा आल्या की आईबाप यायचे. एकदा एक बाई जावयासाठी मागायला आली.

चाचा म्हणाले, "बाई, हे जिभेचं औषध हाय, दातादाढेचं हाय. अकलेचं न्हाई."

"मंग नावात अक्कल कशाला हाय?"

"नावात न्हाईच हाय! आक़िरक़रहा. यात कुठं हाय अक्कल?"

"असू द्या," बाई म्हणाली, "त्याला कशाचाबी गुण येत न्हाई, तवा जरा जास्तीचा द्या."

चाचांनी कपाळावर हात मारला आणि हरभऱ्याच्या डाळीएवढा तुकडा पुडीत बांधला. त्याहून मोठा तुकडा ते कुणालाही देत नसत. मी फळीवर बसून खो खो हसत होतो. शिकलेला माणूस होतो ना मी.

तिसऱ्या वर्षी माझ्या हसण्याला खीळ बसली. हुकूम आला की हंगामी शिक्षकांची उर्दूची तोंडी परीक्षा होईल. पास होईल तो कायम, नापास होईल तो घरी. घरी म्हणजे रेणापूरला, थोरल्या भावाच्या म्हशींमागे. तो मी नोकरीला निघालो तेव्हाच म्हणाला होता, "जा, पण तुझी दावण मी मोकळी ठेवतो." परीक्षा घ्यायला येणारे मुहतमिमसाहेब, म्हणजे शाळा तपासणारे बडे अधिकारी, लखनौकडचे होते. आमच्या हेडमास्तरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "वाचन तुमचं चांगलं आहे. पण तुमचा क़ाफ़ सांभाळा." हा क़ाफ़ म्हणजे उर्दूतला घशाच्या तळातून काढायचा क. माझा क ओठांच्या अलीकडे कुठेतरी तयार व्हायचा आणि तसाच बाहेर पडायचा.

मी चाचांकडे गेलो. चाचांनी मला दोन महिने रोज संध्याकाळी बसवलं. पुस्तक नव्हतंच, बरण्यांवरच्या उर्दू चिठ्ठ्या हेच पुस्तक. सरावाला शब्दही त्यांनी तोच दिला, आक़िरक़रहा, कारण त्यात क़ाफ़ दोनदा येतो. "घशात पाणी धर," ते म्हणाले, "आन जिथं पाणी खळखळतं तिथून क काढ." मी क काढला आणि पाणी सनायच्या पोत्यावर गेलं. "कावळ्याला जेवाया बोलावून राहिलास का?" चाचा ओरडले. खोलीवर मी सराव करायला लागलो तर घरमालकिणीने काळजीने तुळशीचा काढा पाठवला. तिसऱ्या दिवशी तिने वैद्यच पाठवला. पण हळूहळू क़ाफ़ येऊ लागला. दहातून सहा वेळा यायचा, कधी सात. "होतंय," चाचा म्हणायचे, "घाबरू नको. घाबरलं का घसा मिटतो."

परीक्षेच्या सकाळी मी घाबरलो. आशीर्वाद घ्यायला म्हणून दुकानात गेलो. चाचा नुकतेच चाखणं संपवून, तोंड धुवायला मागच्या मोरीवर गेले होते. समोर अक्कलकाऱ्याची बरणी उघडी. आता खरं सांगतो, मला पक्कं माहीत होतं की त्यात अक्कल नाही. दोन वर्षं मी त्यावरून लोकांना हसलो होतो. तरी वाटलं, इतकी माणसं म्हणतात तर चिमूटभर तरी असेल. आणि आपल्याला चिमूटभरच कमी पडतेय. मी हात घातला, अख्खी बोटभर मुळी उचलली आणि चावत चावत शाळेकडे निघालो.

चौकापर्यंत मुंग्या आल्या. शाळेच्या फाटकापाशी जीभ पाहुण्यासारखी तोंडात येऊन बसली, ना उठेल ना काही बोलेल. लाळ इतकी की रुमाल पिळावा. हेडमास्तर म्हणाले, "तयारी झाली?" मी म्हणालो, "धाली." त्यांनी माझ्याकडे टक लावून बघितलं आणि मला आत ढकललं.

आत मुहतमिमसाहेब खुर्चीत बसले होते. गाल भोपळ्यासारखा सुजलेला, डोक्यावरून हनुवटीखाली फडकं बांधलेलं. चार दिवस दाढ ठणकत होती म्हणे आणि त्या चार दिवसांत त्यांनी वाटेतल्या सगळ्या शाळांतले शिक्षक नापास करत आणले होते. ते कण्हत म्हणाले, "नाम?" मी तोंड उघडणार तेवढ्यात दारात धापा टाकत कादरचाचा उभे. हातात तुपाची वाटी. बरणीतली एक मुळी कमी झालेली त्यांना दिसली होती, मी ती चावत गेल्याचं पानवाल्याने सांगितलं होतं आणि जिभेला लावायला तूप घेऊन ते उन्हातून तसेच अनवाणी धावत आले होते. स्वतःची जीभ झोपलेली, त्यामुळे मला "थूप, थूप" एवढंच म्हणत होते.

"ये कौन है?" साहेब गरजले.

आणि चाचांना साहेबांचा गाल दिसला. दुखरी दाढ दिसली की त्यांना बाकी जग दिसत नसे. माझी परीक्षा, माझं तूप सगळं विसरून त्यांनी कोटाच्या खिशातून मुळी काढली, डाळीएवढा तुकडा मोडला आणि दाढेखाली ठेवायची खूण केली. साहेबांनी तो तुकडा निरखला. "बस, इतना सा?" चाचांनी जोरजोराने मान हलवली, इतकाच, इतकाच. पण बड्या अधिकाऱ्याला डाळीएवढं काही दिलेलं चालतं का? साहेबांनी चाचांच्या हातातली उरलेली मुळीही ओढून घेतली आणि सगळी एकदम दाढेखाली दाबली. चाचांनी डोळे मिटून घेतले.

दोन मिनिटांत साहेबांचा चेहरा उजळला. ठणका थांबला होता. त्यांनी फडकं सोडलं, मोठ्या प्रसन्नतेने माझ्याकडे वळले आणि म्हणाले, "आफ फा थाम?"

मी म्हणालो, "दनाद्दन."

"फहुत खूफ." त्यांनी पुस्तक पुढे केलं. मी वाचलं. काय वाचलं ते मलाही कळलं नाही. मध्ये एकदा साहेबांनी हात वर करून माझा एक शब्द सुधारला. तो त्यांच्याही तोंडातून हुबेहूब माझ्यासारखाच बाहेर पडला. ते चमकले, रुमालाने हनुवटी पुसली आणि जरा विचार करून "फही है" म्हणाले. हेडमास्तर खिडकीबाहेर तोंड करून उभे होते आणि त्यांचे खांदे हलत होते. साहेबांनी कागद ओढला आणि लिहिलं: ज़बान साफ़, उच्चार दुरुस्त, कायम करावे. खाली सही, शिक्का.

दुपारी जीभ जागी झाल्यावर मी कागद नाचवत दुकानात गेलो. चाचांनी तो वाचला, घडी घातली आणि माझ्या हातात परत दिला.

"हे कुणाच्या जिभेचं हाय?"

"माझ्या."

"तुझी जीभ तिथं हजर न्हवती. जा, परत जा आन नीट बोलून ये."

मी हात जोडले. म्हशी सांगितल्या, भाऊ सांगितला. चाचा वाद घालत नव्हते. एवढंच म्हणाले, "मी रोज ऐकून राहिलो होतो, मास्तर. तुला येत होतं. तू मुळीवर भरोसा केलास. माझ्यावर न्हाई, सवतावर बी न्हाई." मग त्यांनी माझ्याकडे पाठ केली आणि सनाय निवडायला बसले. मला त्यांचा भयंकर राग आला. पास झालेल्या माणसाला नापास व्हायला पाठवणारा हा कोण? पण त्यांचं ते 'येत होतं' मला बोचत राहिलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी डाकबंगल्यावर गेलो. साहेबांचा टांगा जोडलेला होता. मी कागद त्यांच्यापुढे ठेवला आणि सगळं खरं सांगितलं, मोडक्यातोडक्या पण माझ्या स्वतःच्या उर्दूत. साहेबांनी कागद उचलून पुन्हा पहिल्यापासून वाचला. माझ्या डोळ्यांपुढे एक म्हैस येऊन उभी राहिली. शेवटी ते म्हणाले, "उस जड़ी का सही नाम क्या है?"

घसा मिटत होता. मी पाणी खळखळतं ती जागा आठवली आणि म्हणालो, "आक़िर... करहा."

साहेबांनी दोन बोटं वर केली आणि एक मिटलं. "एक क़ाफ़ पास, एक फ़ेल." मग दाढेवर हात ठेवून हसले. "काग़ज़ रहने दीजिए. दूसरा भी सीख लीजिए."

दहा वाजून गेले होते. मी धावत दुकानात आलो आणि एक क़ाफ़ आला, एक गेला म्हणून सांगितलं. चाचांनी नोकरी राहिली की गेली हे विचारलंच नाही. "कंचा गेला?" म्हणाले.

"दुसरा."

"सांजच्याला ये."

मी जात राहिलो. नोकरी कायम झाली, लग्न झालं, तरी जात राहिलो. पुढे निजामी गेली. शाळेत मराठी आली, उर्दूच्या परीक्षा बंद झाल्या आणि माझ्या क़ाफ़ची कुणाला गरज उरली नाही. तरी संध्याकाळी पाय तिकडेच वळायचे. चाचांनाही परीक्षा संपल्याचं कुणी कळवलं नसावं. ते तितक्याच तळमळीने माझ्यावर ओरडायचे.

अशाच एका संध्याकाळी ते एका गिऱ्हाइकाची पुडी बांधत होते. मला पाणी हवं होतं. मी रोजच्यासारखी हाक मारली, "क़ादरचाचा, जरा तांब्या द्या." चाचांचे हात थांबले.

"परत म्हण."

"तांब्या द्या."

"तांब्या न्हाई. त्याच्या आधीचं."

तेव्हा माझ्या लक्षात आलं, त्यांच्या नावातला क़ाफ़ आज आपोआप घशाच्या तळातून निघाला होता. मी म्हणालो, "क़ादरचाचा."

त्यांनी पुडी खाली ठेवली. मग म्हणाले, "तुमची मानसं मला कादर म्हनत्यात. आमची दखनीत खादर म्हनत्यात. घरवाली बी खादरच म्हनती. उस्ताद गेले तवापासून माझं नाव कुणी घेतलं न्हवतं बघ." त्यांनी मला ते पाच-सहा वेळा म्हणायला लावलं. गिऱ्हाईक पुडीसाठी ताटकळत उभं होतं आणि हे दोघे काय करून राहिलेत म्हणून बघत होतं. मला हसू येत होतं आणि रडूही येत होतं.

त्याच हिवाळ्यात चाचा गेले. सगळा इतवारा मयतीला आला होता. कुणी कादर म्हणून हळहळत होतं, कुणी खादर म्हणून. माझी पाळी आली तेव्हा मी मूठभर माती टाकली आणि हळूच त्यांचं नाव घेतलं. बरोबर घेतलं.