निळ्याचा निकाल

गालिचा कितीही देखणा असो, गालिचेवाले काका आधी त्याला पालथा घालायचे. गिऱ्हाईक वेलबुट्टीचं कौतुक करत राहायचं आणि काका मागच्या गाठींवरून बोटं फिरवत बसायचे. "तोंड कुणीही रंगवतं. पाठ खोटं बोलत नाही," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. लग्नानंतर सासुरवाडीला पहिल्यांदा जेवायला गेले तेव्हा त्यांनी आधी तिथला गालिचा उलटून पाहिला, असं त्यांची ताई सांगते. ताई तिखटमीठ लावून सांगणाऱ्यातली नाही; लावलंच तर अगदी चवीपुरतं.

तरुणपणी काका एका म्हाताऱ्या व्यापाऱ्याकडे इराणी गालिचे झटकायच्या कामाला लागले. कित्येक वर्षं नुसती धूळ खाल्ली, तेव्हा कुठे नजर तयार झाली. मग स्वतःचं दुकान थाटलं. पुढच्या खोलीत काका, मागच्या खोलीत खिडकीपाशी ताई. कसरीने खाल्लेले गालिचे ती रफू करायची. लोकर निवडायची काकांनी, सुई चालवायची ताईने. भांडणाचीही वाटणी ठरलेली होती: सुरुवात काकांची, शेवट ताईचा.

त्या म्हाताऱ्या व्यापाऱ्याने एक रीत घालून दिली होती. मत दुकानात बसून द्यायचं, पण चुकलं तर मागे घ्यायला मालकाच्या दारात जायचं. काकांवर ही वेळ कधी आली नव्हती आणि त्यांना त्याचा जरा जास्तच अभिमान होता.

एक दिवस पलीकडच्या रस्त्यावरची बेकरीवाली खांद्यावर गालिचा टाकून आली. तिच्या वडिलांनी भट्टीपुढे राबून, पोटाला चिमटा काढून तो तरुणपणी घेतला होता.

"विकायचा नाहीये हो," ती म्हणाली. "पण भाऊ म्हणतो, बाबांना कुणीतरी टोपी घातली. एकदाचा सोक्षमोक्ष लावा."

काकांनी तो पालथा घातला. गाठी बारीक, हात मुरलेला. मग सुलटा केला आणि त्यांच्या कपाळाला आठी पडली. मधला निळा मरगळलेला, हिरवट दिसत होता. त्यांनी ओला रुमाल घासून पाहिला, तर रुमालावर पिवळट डाग. रुमाल खिशात कोंबून ते म्हणाले, "विणकाम खरं आहे. पण रंग मूळचा नाही, मागाहून मारलाय. तुमचे वडील फसले."

बेकरीवालीने गालिचा गुंडाळला. बांधताना तिच्या हातून दोरीची गाठ सुटत राहिली.

ताई मागच्या खोलीच्या दारातून हे सगळं बघत होती. गिऱ्हाइकासमोर भावाला खोटं पाडायचं नाही, हा तिचा नेम. बाई गेली तशी ती पुढे आली.

"अरे, तो निळा लख्ख होता!"

"हिरवट होता."

"रुमाल दाखव." रुमाल स्वच्छ पांढरा होता. "कुठाय डाग?"

"हा काय, सगळा पिवळा झालाय."

"बरं. आणि ही भिंत?"

काकांनी भिंतीकडे पाहिलं. गेल्याच महिन्यात पांढरा रंग दिलेली भिंत. तीही पिवळी दिसत होती.

ताईने लोकरीची टोपली पुढे ठेवली. "वर्षभर तू दिलेली निळी लोकर मी गुपचूप बदलतेय. कधी जांभळी देतोस, कधी करडी."

"मग सांगितलं का नाहीस?"

"तू पांढऱ्या शर्टांना नीळ जास्त घालतोयस म्हटलं, तर दोन दिवस माझ्याशी बोलला नाहीस. हे कुठल्या तोंडाने सांगू?"

काका टोपलीतली लोकर उलटसुलट करत राहिले. नजर गेली तर आपण कोण? गोणपाट विकायचं? ते घाबरले होते, आणि ते त्यांना लपवताही येईना. पण त्याहून दुसरी गोष्ट जास्त खात होती. बेकरीवालीचे वडील नव्वदीला टेकले होते. आपल्या एका वाक्याने त्यांच्या आयुष्यभराच्या हौसेची माती झाली होती.

चूक काकांच्या डोळ्यांची आहे, गालिचा अस्सल आहे, हे सांगायला ताई तडक बेकरीत जाऊन आली. तोवर लेकीच्या तोंडून म्हाताऱ्याला सगळं कळलं होतं. "भावाच्या बोलण्याची सारवासारव करायला आलीय," ते ताईकडे न बघताच म्हणाले. "तो गालिचा गुंडाळून ठेवा. माझ्या डोळ्यांसमोर नको."

डॉक्टरांनी काकांचे डोळे तपासून सांगितलं, मोतीबिंदू, आणि तोही चांगला पिकलेला. एरवी सुईला भिणारे काका मुकाट ऑपरेशनला आडवे झाले. आधी एक डोळा झाला, दुसरा नंतर व्हायचा होता. त्या दिवसांत ते रोज ताईला एकच विचारायचे, "म्हातारा बरा आहे ना?"

डोळ्याची पट्टी निघाली आणि काकांना पहिल्यांदा दिसला तो स्वतःचा शर्ट.

"हा निळा शर्ट कुणाचा?"

"तुझाच. पांढरा आहे तो," ताई म्हणाली.

काका खो-खो हसले आणि हसता हसता रडले. डॉक्टरांनी रडायचं नाही म्हणून दटावलं.

ते घरी गेलेच नाहीत. बेकरीशेजारचा जिना चढून वर गेले. म्हातारे खुर्चीत बसले होते, अनवाणी पाय उघड्या फरशीवर. बेकरीवालीने दाराआडचा गालिचा काढला, जरा नाराजीनेच. काकांनी तो पसरला. यावेळी पालथा घालायचं त्यांना सुचलंही नाही. मधल्या निळ्यावरून त्यांनी हात फिरवला. इतका सुंदर निळा त्यांनी फार वर्षांत पाहिला नव्हता.

ते खुर्चीपाशी जमिनीवरच बसले. "बाबा, नीळ अस्सल आहे. तुम्ही फसला नव्हता. माझे डोळे फसले होते. मत मागे घ्यायला आलोय."

म्हाताऱ्यांनी वाकून गालिच्याकडे पाहिलं. मग लेकीकडे वळून म्हणाले, "उभी काय राहिलीस? सरकव तो माझ्या पायांखाली. किती दिवस झाले, पाय गार पडलेत माझे."