धुतलेला राखणदार

मेलबर्नच्या ट्रुगानिना उपनगरात मी मुलगा-सुनेकडे राहतो. आमच्या शेजारी पश्चिम आफ्रिकेतल्या बेनिनमधला, फॉन जमातीचा एक माणूस राहायचा, एकटाच. वृद्धाश्रमात काम करायचा. लॉकडाऊनमध्ये तिथंच त्याला कोविड झाला. अँब्युलन्स येण्याआधी त्यानं हातभर उंचीची लाकडी मूर्ती आमच्या गराजसमोर ठेवली आणि लांबूनच ओरडून सांगितलं, "पापा, याला थोडं पाम तेल लावा, बस. तुमच्यापेक्षा कमी खातो!"

त्याच्या लोकांत तिला बोचिओ म्हणतात. दाराशी उभी राहून ती घरावरचं संकट स्वतःच्या अंगावर घेते. अंगभर दोऱ्या करकचून बांधलेल्या, त्यांवर तेलाचा आणि पिसांचा काळा थर.

मी तेव्हा दुधाची बाटलीसुद्धा साबणानं धुवून घरात घेत होतो. शिवाय दसऱ्याआधी चिंच लावून देव घासायची आयुष्यभराची सवय. मी दोऱ्या कापल्या आणि मूर्ती गरम पाण्यात ब्रशनं घासली. खाली फिकट, साधं लाकूड निघालं. मला समाधानच वाटलं. आमच्या मारुतीचा शेंदूर कुणी खरवडला असता तर मी गाव डोक्यावर घेतलं असतं. पण तेव्हा ते सुचलं नाही.

तीन आठवड्यांनी तो परतला. मूर्ती हातात घेऊन त्यानं उघड्या लाकडावरून बोट फिरवलं.

"प्रत्येक गाठ मारताना माझे वडील काही बोलले होते," तो म्हणाला. "आता ते नाहीत. कुणी केलं हे?"

"सुनेनं," मी म्हणालो.

तो आल्यापासून सून त्याच्या दाराशी वरणभाताचा डबा ठेवायला लागली होती. दुसऱ्या दिवशी डबा तसाच परत आला. तिसऱ्या दिवशीही.

"बाबा, माझं काही चुकलं का हो?"

"आजारानं चिडचिडा झालाय. तू लक्ष देऊ नकोस."

पुढे तो कालगुर्लीला खाणीच्या कामावर गेला. जाताना तिच्याशी एक शब्द बोलला नाही. ती मात्र खिडकीतून हात हलवत होती.

गेल्या रविवारी मी त्याला फोन करून खरं सांगितलं.

"दोऱ्या आहेत?"

"कचऱ्यात टाकल्या."

"तिला सांगितलंत?"

"नाही."

"मग मला कशाला फोन केलात, पापा?" त्यानं फोन ठेवला.

सूनबाई, मूर्ती मी धुतली आणि नाव तुझं घेतलं. तुझं काहीही चुकलं नव्हतं.