डाळ गार आहे

"मालकीण कोण?" साहेबानं दारातूनच विचारलं. तोंडाला रुमाल. म्युनिसिपालटीचा फूड इन्स्पेक्टर, म्हणजे खानावळीतली भांडी उघडून बघणारा माणूस.

"मीच."

चौऱ्याण्णवचा प्लेग नुकताच सरला होता. सुरतेजवळचं आमचं अर्धं उधना गावी पळालेलं. माझ्याकडे लूमवरचे तिघेच कारागीर जेवत होते. अन्न गरमच वाढायचं, असा हुकूम होता. गार दिसलं की खानावळीला कुलूप.

आणि तो शनिवार.

आम्ही बेने इस्राएल, कोकणातले ज्यू. शनिवारी विस्तव पेटवत नाही. दुसऱ्याला पेटव म्हणायचं नाही, असं आई सांगायची. म्हणून डाळ शुक्रवारीच शिजवते. पोळ्या लाटणारी सखरबाई शनिवारी न सांगता स्टोव्ह पेटवायची. ती प्लेगात धुळ्याला गेली ती तिकडेच.

साहेबानं डाळीत बोट घातलं. "आ तो ठंडी छे. गरम करो, नहीं तो ताळुं मारूं."

"आज शनिवार आहे."

"हनुमान का उपास?"

"नाही. मी ज्यू आहे. शनिवारी विस्तव पेटवत नाही, पेटव म्हणतही नाही."

"सुरतमां ज्यू छे?"

"कबरस्तानात पुष्कळ आहेत. वर मी एकटी. मुलगासुद्धा इस्रायलला गेला."

एक कारागीर उठला. "मावशी, मी पेटाडस ना."

"तू खा," साहेब म्हणाला. "मालकीण पेटवेगी." त्यानं कुलूप पिशवीतून काढून बाकावर ठेवलं. खानावळ गेली तर मी कुठं जाणार होते? तरी हात उचलेना.

"माजी, जिद ना करो."

"तुमच्या घरात काही पाळत नाहीत का?"

त्यानं तोंडावरचा रुमाल खाली ओढला. मग म्हणाला, "मारी बा दिवस आथमे पछी पाणीये नथी पीती."

"दिवस मावळल्यावर आईला पाणी पी म्हणून बघा."

"मार डालेगी." मग विचारलं, "तो तमे शुं बोली शको?"

"डाळ गार आहे, एवढंच."

"तो बोलो."

"डाळ गार आहे."

साहेब बाह्या सारून स्टोव्हपाशी उकिडवा बसला. येत काही नव्हतं. पंप मारत सुटला. भडका उडाला, भुवई जळाली. मी भिंतीकडे बघून म्हटलं, "सखरबाई आधी हवा सोडायची." त्यानं सोडली. "मग पिन मारायची." मारली.

डाळ उकळली. गरम झाली की नाही बघायला त्यानं दोन वाट्या खाल्ल्या आणि कुलूप घेऊन गेला.

पुढच्या शनिवारी जेवणाच्या वेळेलाच आला. "चेकिंग," म्हणाला आणि थेट स्टोव्हपाशी बसला.

दिवाळीनंतर सखरबाई परतली. साहेबाला पंप मारताना बघून म्हणाली, "माय वं, माझ्या जागेवर सरकारी माणूस ठेवला?"

खानावळीनं मला एक शिकवलं. आपलं पाळायचं तर साहेबाशी भांडू नये. जेवायच्या वेळेपर्यंत बसवून ठेवावं.