मावशीच्या पगारचिठ्ठीवरची नवी ओळ

आमची मावशी भित्री. कुलूप लावलं की तीनदा ओढून बघणार, चार पावलं गेली की परत येऊन चौथ्यांदा. अशा बाईनं नऊ वर्षं नवऱ्यापासून एक गोष्ट लपवली, आणि तीही त्याच्या नाकाखाली.

दोघंही एका मोठ्या इस्पितळाच्या धुलाईघरात कामाला. मावशी मळक्या चादरी निवडायची, काका तिथलेच मुकादम. चादरींत विसरलेल्या सुया असत. एकदा एक तिच्या बोटात घुसली आणि सहा महिने ती रक्त तपासून घेत फिरली. त्याच काळात ती गुपचूप कामगार संघटनेची सभासद झाली, कारण संघटना जाड हातमोजे मागत होती. काका संघटनेला ‘रिकामटेकड्यांचा बाजार’ म्हणत. म्हणावंच लागे, त्यांना सुपरवायझर व्हायचं होतं.

वर्गणी रोखीत. इस्त्रीवरची आक्का खजिनदार. ती महिन्याला यायची, आणि पैसे या मुठीतून त्या मुठीत जायचे.

यंदा मात्र धुलाईघराच्या साहेबांनी अट घातली. निम्म्याहून जास्त कामगार सभासद दाखवा, तरच हातमोज्यांची बोलणी. आणि सभासद कोण? जो लेखी संमती देईल, ज्याची वर्गणी पगारातून कापली जाईल, तोच. मुठीतली वर्गणी मोजायची नाही.

“नऊ कमी पडतात,” आक्का म्हणाली. “आणि नऊच्या नऊ तुझ्यासारखे पदराआडचे.”

“माझ्या घरात मुकादम आहे गं.”

“माझ्या घरात सासू आहे. कर सही!”

मावशीनं सही केली, कागद पगाराच्या खिडकीत दिला आणि जिना उतरताना ती मध्येच थांबली. कापलेली वर्गणी चिठ्ठीवर छापून येणार. आणि चिठ्ठ्या वाटणार कोण? मुकादम!

ती तशीच मागे धावली. “भाऊ, माझा कागद परत द्या.”

पगार-कारकून चष्म्यावरून बघत म्हणाला, “मागे घेता येतो, पण वर्षाच्या शेवटच्या महिन्यात. करारच तसा आहे.”

“फाडून टाका ना. कुणाला कळतंय?”

“मला कळतंय ना, बाई.”

पगाराला दहा दिवस होते. मावशीनं भाजीत दोनदा मीठ घातलं, एकदा घातलंच नाही. काकांनी हाक मारली की हातातलं भांडं खाली. रोज ठरवायची, आज सांगते, आणि रोज काका घोरायला लागायचे. नवव्या दिवशी, घरी परतताना, ती रस्त्यातच थांबली.

“अहो, मी संघटनेत आहे.”

“कधीपासून?”

“नऊ वर्षं.”

काका दोन पावलं पुढे गेले, परत आले. “नऊ वर्षं मी साहेबांना सांगतोय, माझ्या घरात असलं काही नाही. उद्या काय तोंड दाखवू?”

“सांगा, बायको ऐकत नाही.”

“ते त्यांना ठाऊक आहे!” एवढं बोलून ते झपाझप घरी गेले. जेवले पाठ करून.

दुसऱ्या दिवशी चिठ्ठ्या वाटल्या. मावशीची पाळी आली. काकांनी चिठ्ठी वाचली, सगळ्यांदेखत तिच्या हातात दिली आणि पुढचा नंबर पुकारला. तेवढ्यात शिपाई आला. साहेबांनी मुकादमांना बोलावलं होतं.

पाऊण तास गेला. मावशी एकच चादर या ढिगातून त्या ढिगात टाकत राहिली. आक्का दोनदा येऊन बघून गेली.

काका आले ते थेट नळावर गेले, तोंड धुतलं.

“काय म्हणाले हो?”

“सुपरवायझरचं पुढच्या वर्षी बघू म्हणाले. त्या जागेवर नवीन माणूस घेतायत.”

मावशीनं हातातली चादर खाली ठेवली.

“तुमची मोजणी कधी?” काकांनी विचारलं.

“सोमवारी.”

“पुरतील का?”

“अजून तिघांनी संमतीचा कागद दिलेला नाही.”

काकांनी ओल्या हातानं मान पुसली. “कोण तिघं? नावं सांग. एवढं माझं गेलंय, आता तुमचं तरी होऊ दे.”

तिनं सांगितली. तिघेही काकांच्याच पाळीतले, बॉयलरवर कामाला होते. काकांनी खिशातून पेन काढलं आणि बॉयलरकडे चालायला लागले. मावशी दारात उभी राहून बघत होती, सोमवारपर्यंत तिला झोप लागणार नव्हती.